भंगारात निघालेले चौदा रेडिओ

दगडखाणीच्या कार्यालयात तिला सगळे रेडिओमावशी म्हणत. ती तिथल्या कोणाचीच मावशी नव्हती. पण बाई पन्नाशी ओलांडून नोकरीवर टिकली की तिला आपोआप बहिणीची मुलं होतात. मावशीला अशी शंभर-सव्वाशे भाचरं होती, आणि त्यातली निम्मी तिच्यापेक्षा वयानं मोठी होती.

तिला नोकरी लागली ती वडिलांच्या जागी. वडील खाणीच्या उत्तर नाक्यावर पहारेकरी. त्या काळी सुरुंग उडवायच्या आधी लाल निशाण हलवायचे आणि शिट्टी मारायचे. शिट्टी ऐकू आली की माणूस आडोशाला जायचा. नाही आली की दगड माणसाकडे यायचा. एका वाऱ्याच्या दिवशी वडिलांना शिट्टी ऐकू आली नाही आणि त्यांचा उजवा गुडघा गेला. व्यवस्थापनाला फार वाईट वाटलं. इतकं वाईट वाटलं की त्यांनी समिती नेमली, आणि समितीनं अकरा महिने विचार करून दोष वाऱ्याचा आहे असं ठरवलं. वाऱ्यावर पुढे काही कारवाई झाल्याचं ऐकिवात नाही. पण खाणीत रेडिओ आले, दोन्ही बाजूंनी बोलता येणारे, हातात धरायचे. आणि मुलीला नोकरी मिळाली.

एकोणीस वर्षांच्या मुलीचं खाणीत करायचं काय, हे कोणालाच कळेना. तेव्हाच्या साहेबांनी रेडिओंच्या खोक्यासोबत आलेलं जाडजूड माहितीपुस्तक तिच्या हातात दिलं आणि म्हणाले, "हे नीट ठेव." साहेबांना अभिप्रेत होतं कपाटात. तिनं ते डोक्यात ठेवलं. शब्दकोश उशाला घेऊन चार महिन्यांत तिनं ते पुस्तक संपवलं, आणि त्यानंतर एकतीस वर्षं त्या खाणीतला एकही रेडिओ दुरुस्तीला बाहेर गेला नाही. रेडिओंच्या तीन पिढ्या तिच्या हाताखालून गेल्या. शेवटची पिढी डिजिटल, म्हणजे पोटात सॉफ्टवेअर असलेली. त्यासाठी तिनं पन्नाशीत स्वतःचा जुना लॅपटॉप कामाला लावला, कारण कार्यालयातला संगणक मागितल्यावर तिला उत्तर मिळालं होतं, "मावशी, तुम्हाला कशाला?"

मग मेहुणे आले.

आताच्या साहेबांना एक बायको होती आणि बायकोला एक भाऊ होता. एवढ्या भक्कम पात्रतेवर 'यंत्रणा सुधारणा अधिकारी' हे पद निर्माण झालं. माणूस पस्तिशीचा, इस्त्रीचा, गळ्यात ओळखपत्राची निळी पट्टी. अख्खी खाण त्यांना तोंडावर 'सर' आणि पाठीमागे 'मेहुणे' म्हणायची. पहिल्याच दिवशी ते रेडिओच्या खोलीत डोकावले आणि म्हणाले, "मावशी, दोन चहा. एक बिनसाखरेचा."

मावशी सोल्डरिंगची कांडी खाली ठेवत म्हणाली, "चहाचं मशीन जिन्याखाली आहे. आणताय तर मलाही एक आणा. साखर चालेल."

दोन महिन्यांत रेडिओ विभागाची 'पुनर्रचना' झाली. पुनर्रचना म्हणजे मावशी तळमजल्यावरच्या अभिलेख कक्षात, जुन्या फायलींना नंबर टाकायला. आणि रेडिओ मेहुण्यांच्या ताब्यात. कागदावर मात्र रेडिओंची जबाबदारी मावशीच्याच नावावर राहिली, कारण नाव बदलायला एक अर्ज भरावा लागतो आणि मेहुण्यांना तो कुठे मिळतो हे माहीत नव्हतं.

घरी तिनं हे नवऱ्याला सांगितलं. नवरा छापखान्यात मुद्रितशोधक होता, आता निवृत्त. त्यांनी बदलीचा आदेश चष्मा लावून वाचला.

"पुनर्रचनेतला 'र्र' चुकलाय," ते म्हणाले.

"अहो, मला खोलीतून काढलंय."

"तेही चुकलंय. पण ते व्याकरणात बसत नाही, नाहीतर खूण केली असती."

एक वर्ष असं गेलं. मग महिनाअखेरीचा तो दिवस उजाडला. मुख्य कार्यालयाचं परिपत्रक आलेलं होतं की सर्व रेडिओंचं अंतर्गत सॉफ्टवेअर, ज्याला फर्मवेअर म्हणतात, ते महिनाअखेरपर्यंत अद्ययावत करावं. परिपत्रक आलं होतं तीन तारखेला. मेहुण्यांनी ते उघडलं शेवटच्या तारखेला, सकाळी सव्वानऊला.

खाली खड्ड्यात त्याच वेळी सुरुंगवाले तात्या काम करत होते. तात्या म्हणजे साठीला टेकलेला, दोन्ही भुवया एकमेकींना मिळालेला माणूस. त्यांनी पहाटेपासून बेचाळीस भोकांत दारू ठासली होती आणि बारा वाजता सुरुंग उडवायचा होता. वरून निरोप आला, सगळे रेडिओ दहा मिनिटांसाठी कार्यालयात पाठवा. तात्यांनी विचारलं, "आजच?" निरोप्या म्हणाला, "आज शेवटची तारीख आहे." तात्यांनी रेडिओ दिला. आयुष्यात एवढी एकच चूक केली, असं ते पुढे सांगत. त्यांच्या बायकोचं मत वेगळं होतं.

मेहुण्यांनी बैठकीच्या खोलीत टेबलावर चौदा रेडिओ ओळीत मांडले. आधी त्यांच्यावर चिकटवलेले मावशीच्या हाताचे नंबर खरवडून काढले, कारण फोटोत ते बरे दिसले नसते. मग फोटो काढला. मग इंटरनेटवरून एक फर्मवेअर उतरवून घेतलं, ज्याच्यावर अगदी याच रेडिओचं चित्र होतं, आणि ते एकामागून एक चौदाही रेडिओंत भरलं. पहिला भरून झाल्यावर तो चालू होतो का, हे पाहायचा मोह त्यांनी कटाक्षानं टाळला. वेळ नव्हता.

साडेदहाला चौदाही बंद. पडदा काळा, आवाज नाही, साधी टिकटिक नाही. चौदा रेडिओंचे चौदा दगड झाले. खाणीत दगडांची तशी काही कमतरता नव्हती.

यावर तातडीची बैठक बसली आणि ती एक वाजेपर्यंत तातडीनं चालली. नाचता येईना अंगण वाकडं, तसं मेहुण्यांनी सिद्ध केलं की दोष रेडिओंचा आहे. जुनं यंत्र नवं ज्ञान पेलू शकलं नाही. रेडिओ कंपनीचा माणूस नऊ दिवसांनी येईल म्हणाला होता. तोवर हे चौदा रेडिओ भंगारात काढावेत आणि नवे मागवावेत, असा ठराव झाला.

तेवढ्यात तात्या चिखलाच्या बुटांनी खोलीत आले.

"साहेब, बेचाळीस भोकं भरलीत. नाक्यांवर चार माणसं उभी आहेत. एकमेकांना दिसत नाहीत, ऐकू येत नाहीत. खाली मोबाइलला रेंज नाही आणि भरलेल्या सुरुंगापाशी मोबाइल न्यायला तुमचीच बंदी आहे. उडवू कसा?"

साहेबांनी खिडकीबाहेर पाहिलं. "पूर्वी कसं करायचे? निशाण, शिट्टी... तसं करा की आजचा दिवस."

"पूर्वी माझ्या डोळ्यांदेखत मावशीच्या वडिलांचा गुडघा गेला तसं करून. मी नाही करणार."

"मग उद्या उडवा."

"भरलेला सुरुंग रात्रभर उघड्यावर ठेवायचा? अंधार पडायच्या आत उडवायचा नाहीतर एकेक भोक हातानं रिकामं करायचं. हातानं. तुम्ही येता का?"

साहेबांना त्या दुपारी बरंच काम होतं, असं त्यांच्या लक्षात आलं.

तेव्हा कुठे मावशीला बोलावणं गेलं. दुरुस्तीसाठी नव्हे, छे! भंगाराच्या यादीवर जबाबदार व्यक्तीची सही लागते, आणि कागदावर जबाबदार व्यक्ती अजून तीच होती, म्हणून. ती वर आली तेव्हा मेहुण्यांनी यादी आणि पेन, दोन्ही तिच्यापुढे सरकवलं.

"इथे, मावशी. आणि इथे."

मावशीनं टेबलाकडे पाहिलं. खरवडलेल्या नंबरांच्या जागी गोंदाचे पांढरे डाग होते. त्यांतल्या एकावरून तिनं अंगठा फिरवला, पण चेहऱ्यावर काही येऊ दिलं नाही. बत्तीस वर्षांच्या नोकरीत माणूस एवढं तरी शिकतोच.

"सही करते की," ती म्हणाली. "पण सही करणाऱ्यानं वस्तू स्वतः तपासल्याशिवाय सही करू नये, असं गेल्या वर्षीचं परिपत्रक आहे. खाली साहेबांचीच सही आहे. माझ्याकडेच फाइल आहे ती, नंबर दोनशे सतरा."

साहेब मेहुण्यांकडे बघू लागले, मेहुणे पंख्याकडे.

"किती वेळ लागेल तपासायला?" तात्यांनी विचारलं. त्यांच्या भुवया पहिल्यांदाच जराशा सुटल्या होत्या.

"अंधार किती वाजता पडतो?"

"सहाला."

"मग त्याच्या आत."

ती चौदाही रेडिओ टोपलीतल्या भाजीसारखे एका खोक्यात घालून तळमजल्यावर घेऊन गेली. तात्या मागोमाग, आणि त्यांच्या मागे मेहुणे. त्यांना कोणी बोलावलं नव्हतं, पण काही बरं घडलंच तर आपण तिथे असलेलं बरं, हा सरकारी-खासगी सगळ्या नोकऱ्यांतला पहिला धडा त्यांना पाठ होता.

मावशीनं पहिल्या रेडिओची बॅटरी काढली आणि खालची बारीक चिठ्ठी भिंगातून वाचली.

"तुम्ही भरलं ते 'ए' प्रकाराचं. हा 'बी' आहे. बाहेरून जुळे, आतून शेजारी. पडद्याचं जोडकाम वेगळं आहे."

"पण चित्र तर सेम होतं," मेहुणे म्हणाले.

"लग्नाच्या जाहिरातीतही चित्र चांगलंच असतं."

तात्या खोकल्यासारखं काहीतरी करून भिंतीकडे वळले.

रेडिओच्या पोटात एक छोटासा कोपरा असतो. बाकीचं सगळं सॉफ्टवेअर बिघडलं तरी तो कोपरा कोणी पुसू शकत नाही. त्याला फार काही येत नाही. बोलता येत नाही, ऐकता येत नाही. फक्त बाहेरून आलेलं नवं फर्मवेअर घेऊन जागच्या जागी मांडता येतं. त्याला जागं करायचं तर बोलायचं बटण आणि त्याच्या वरचं बटण एकदम दाबून धरायचं आणि मग रेडिओ चालू करायचा. मावशीनं तसं केलं. पडदा काळाच राहिला. पण रेडिओच्या माथ्यावरचा दिवा लाल झाला, मग हिरवा, मग लाल.

"जिवंत आहे," ती म्हणाली.

तिनं आपल्या पिशवीतून जुना लॅपटॉप काढला. त्याची दोन बटणं उडालेली होती आणि तिथे तिनं पेन्सिलीच्या मागचं रबर कापून बसवलं होतं. 'बी' प्रकाराचं मूळ फर्मवेअर त्यात होतं. रेडिओ नवे आले त्याच आठवड्यात तिनं ते उतरवून ठेवलं होतं. मेहुण्यांनी तत्परतेनं आपली केबल पुढे केली. बारा टक्क्यांवर घोडं पेंड खायला लागलं आणि काम बंद पडलं. मावशीनं केबलचं टोक हलवलं; ते म्हाताऱ्याच्या दातासारखं हललं. तिनं ती केबल मेहुण्यांना परत दिली आणि स्वतःची काढली, दोऱ्यानं गुंडाळलेली. पुन्हा दोन बटणं, पुन्हा लाल-हिरवा. या वेळी आकडा शंभरावर गेला, आणि रेडिओनं 'टिंग' असा आवाज करून पडदा उजळला.

मेहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. एकट्यानंच.

"थांबा," मावशी म्हणाली. "शुद्धीवर आलाय, पण याला काही आठवत नाहीये."

कारण फर्मवेअर म्हणजे सगळं नव्हे. कुठल्या चॅनलवर कोण, हे रेडिओत वेगळं साठवलेलं असतं. आणि प्रत्येक रेडिओची स्वतःची बारीक जुळणी असते, कारखान्यात एकेक तपासून केलेली. एकाची दुसऱ्याला चालत नाही, जसा एकाचा चष्मा दुसऱ्याला. चुकीचं फर्मवेअर भरताना ते दोन्ही पुसलं गेलं होतं. मावशीनं मात्र तपासणीला आलेल्या प्रत्येक रेडिओची नक्कल वर्षातून दोनदा काढून ठेवली होती. लॅपटॉपवर ओळीनं फायली होत्या, आणि त्यांची नावं तिनं स्वतःच्या सोयीनं दिलेली: 'पूर्व नाका जांभया', 'दक्षिण नाका खोकला', 'तात्या ओरडतात'.

"मी ओरडतो?" तात्या ओरडले.

पण आता कुठला रेडिओ कोणाचा? नंबर तर मेहुण्यांनी फोटोसाठी शहीद केले होते. मावशीनं कपाटातून लांबट वही काढली. प्रत्येक रेडिओच्या आतल्या चिठ्ठीवरचा अकरा आकडी क्रमांक त्यात तिच्या हातानं लिहिलेला होता. तिनं भिंग मेहुण्यांच्या हातात दिलं.

"तुम्ही आकडे वाचा. मी वहीत शोधते. सावकाश वाचा, तीन आणि आठ सारखे दिसतात."

सुधारणा अधिकाऱ्यांनी आकडे वाचले. पहिले दोन क्रमांक त्यांनी ऐटीत वाचले, तिसऱ्यापासून नीट वाचले. सगळ्या चौदांसाठी वेळ नव्हताच. सुरुंगासाठी सहा लागत होते: चार नाके, तात्या आणि कार्यालयात एक. एकेकाला वीस मिनिटं. साडेतीनला सहाही तयार झाले, माणसं चार रेडिओ घेऊन नाक्यांवर धावली आणि तात्या आपला घेऊन खड्ड्याकडे गेले.

मावशीनं सहावा रेडिओ स्वतःच्या हातात घेतला आणि एकेकाला हाक मारली. पश्चिमेनं ओ दिली. दक्षिणेनं खोकून ओ दिली. उत्तरेनं दिली. पूर्वेकडून मात्र डब्यात तोंड घालून बोलल्यासारखा आवाज आला. एक शब्द कळेना.

"चालेल की," मेहुणे म्हणाले. "बोलतोय हे तर कळतंय ना."

"काय बोलतोय ते कळायला हवं. 'उडवा' आणि 'नका उडवू' यात फरक एका शब्दाचा आहे."

तिनं वही पुन्हा उघडली. पूर्वेच्या रेडिओचा क्रमांक वाचताना आठचा तीन झाला होता, आणि त्याच्या पोटात भलत्याच भावाची जुळणी गेली होती. मेहुण्यांचे कान लाल झाले. रेडिओ परत आणायला माणूस गेला, यायला वीस मिनिटं लागली, भरायला दहा, पुन्हा न्यायला वीस. त्या पन्नास मिनिटांत तळमजल्यावर कोणी बसलं नाही. मावशीनं फायलींच्या चार गठ्ठ्यांना नंबर टाकून टाकले, त्यातले दोन उलटे पडले, हे तिला दुसऱ्या दिवशी कळलं.

पावणेपाचला पूर्व नाका बोलला. जांभई देऊनच बोलला, पण स्वच्छ.

"पूर्व नाका मोकळा. कोणी नाही. एक कुत्रं होतं, हाकललं."

चारही नाके मोकळे झाले. तात्यांचा आवाज आला, आणि खरंच, ते ओरडत होते. जमीन हलली, खिडकीच्या काचा थरथरल्या, आणि कपाटावरची धूळ सगळ्यांच्या डोक्यावर सारखी वाटली गेली. मग चार नाक्यांनी एकामागून एक सांगितलं की आम्ही ठीक आहोत. चौथा आवाज येईपर्यंत मावशी उभी होती. मग खुर्चीत बसली आणि तिच्या लक्षात आलं की सकाळपासून आपण जेवलेलो नाही.

उरलेले आठ तिनं दुसऱ्या दिवशी उठवले. सात उठले. आठवा उठला, पण बोबडा राहिला, कारण त्याची नक्कलच कधी काढता आली नव्हती. तो साहेबांचा होता. तो त्यांच्या टेबलावर पाहुण्यांना दिसेल असा उभा असे आणि तपासणीला कधी खाली आलाच नव्हता.

आठवड्यानं दोन पत्रं निघाली. पहिलं मेहुण्यांना: आणीबाणीच्या प्रसंगी दाखवलेल्या नेतृत्वाबद्दल प्रशस्तिपत्र, सोबत तो चौदा रेडिओंचा फोटो. दुसरं मावशीला: कंपनीची गोपनीय माहिती खासगी लॅपटॉपवर ठेवल्याबद्दल आपल्यावर कारवाई का करू नये, याचा खुलासा तीन दिवसांत करावा.

नवऱ्यानं ते पत्र वाचलं आणि लाल पेन्सिल उचलली. "सात चुका," ते म्हणाले. "काय उत्तर देणार?"

"सांगा ना तुम्हीच."

"एका ओळीत दे. लांब लिहिलंस तर त्यांना वाचता येणार नाही."

तिनं लिहिलं: 'कारवाई अवश्य करावी, सर्व नकला पुसून टाकण्यास मी तयार आहे, त्यासाठी लेखी आदेश व त्याखाली साहेबांची सही मिळावी.'

ती सही आजतागायत आलेली नाही. उलट दुसराच पेच उभा राहिला. तात्यांनी जाहीर केलं की ज्या रेडिओवर मावशीच्या हाताचा नंबर नाही, तो मी हातात धरणार नाही. नाक्यांवरच्या चौघांनीही तेच सांगितलं, एकानं खोकत, एकानं जांभई देत. दोन दिवस सुरुंग उडाला नाही. तिसऱ्या दिवशी आदेश निघाला की मावशीची रेडिओ विभागात 'तात्पुरती व्यवस्था' करण्यात येत आहे. त्या तात्पुरत्या व्यवस्थेला येत्या हिवाळ्यात तीन वर्षं होतील.

या सगळ्यात एक गोष्ट मात्र मावशीनं घरीही उशिराच सांगितली. आदेश निघाला त्याच्या पुढच्या सोमवारी मेहुणे तिच्या खोलीत आले, दार लावलं आणि गळ्यातली निळी पट्टी काढून खिशात घातली.

"मला काहीच येत नाही, मावशी," ते म्हणाले. "ताईनं चिकटवलं मला इथे. त्या दिवशी पूर्वेचा आकडा... मी झोपलो नाही दोन रात्री."

मावशीच्या जिभेवर तीन उत्तरं तयार होती, एकाहून एक झोंबरी. तिसरं तर फारच सुरेख होतं. तिनं ते गिळलं आणि समोरचं स्टूल पायानं सरकवलं.

"बसा. आधी बॅटरी काढायला शिका. नख लावू नका, तुटतं. अंगठ्यानं."

त्यांनी नख लावलं, आणि ते तुटलं.

"आता अंगठ्यानं," मावशी म्हणाली.